पाळलेला सरडा चावला तर: सुटका, जखम आणि पुढची काळजी

आमच्या घरी हिरवा इग्वाना आहे. सात वर्षांचा नर, शेपटीसकट साडेचार फूट. आला तेव्हा तळहातावर मावायचा. एका सकाळी मी त्याला जास्वंदीचं फूल हाताने भरवत होते. त्याने पाकळ्यांबरोबर माझ्या तर्जनीचं पेरही धरलं आणि मी दचकून हात मागे ओढला. नंतर नळाखाली बोट धरलं तेव्हा दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या दिसल्या. त्याचे दात रुतले होते तिथे बारीक ठिपक्यांची ओळ होती. तिथून नखापर्यंत मात्र कातडी रेघांनी फाटली होती आणि ती माझ्या हिसक्याने फाटली होती. ठिपके आठवड्याभरात गेले. रेघा भरायला तीन आठवडे लागले.

म्हणून सरडे पाळणाऱ्या, पाळू पाहणाऱ्या सगळ्यांना आधी हेच सांगते: हात ओढू नका.

यामागचं कारण त्याच्या दातांत आहे. इग्वानाचे दात कुत्र्यासारखे सुळे नसतात. ते पानासारखे चपटे असतात आणि कडेला करवतीसारखे बारीक दाते असतात, कारण त्याला पाला कापून खायचा असतो. नारळाच्या खवणीवर बोट नुसतं टेकवलं तर फारसं काही होत नाही, पण तेच ओढलं तर सालटं निघतं. इथेही तसंच होतं. शिवाय हिसक्याने प्राण्याचेही दात तुटतात, हिरडी फाटते.

दात रुतलेले असताना काय करायचं

हात आहे तिथेच ठेवा. ओरडू नका, झटकू नका. सरडा घाबरून धरत असेल तर आवाजाने आणि हालचालीने तो आणखी घट्ट धरतो.

मग त्याला आधार द्या. हवेत लटकणारा सरडा तोंड सोडत नाही, कारण त्या क्षणी तोंड हीच त्याची एकमेव पकड असते. हात हळूहळू खाली आणा आणि त्याचे चारही पाय जमिनीवर, टेबलावर, निदान तुमच्या मांडीवर टेकू द्या. पायाखाली काहीतरी आलं की बहुतेक वेळा तो आपणहून तोंड उघडतो. डोळ्यांवर हलकेच रुमाल टाकला तर आणखी लवकर शांत होतो. घरात दुसरं कुणी असेल तर त्यांनी मागचे पाय आणि शेपटीचं मूळ धरून ठेवावं, म्हणजे तो अंगाला पीळ देणार नाही. एक मिनिट थांबायची तयारी ठेवा. ते मिनिट फार लांब वाटतं, पण थांबा.

तरीही सोडत नसेल तर हात आणि त्याचं तोंड कोमट वाहत्या पाण्याखाली न्या. नाकपुड्या सतत पाण्यात बुडवून ठेवू नका. किंवा कापसाच्या बोळ्याला थोडं व्हिनेगर किंवा हँड सॅनिटायझर लावून तो तोंडाच्या कडेला टेकवा. डोळ्यांत आणि नाकात जाऊ देऊ नका. त्या चवीने तो तोंड उघडतो. एवढं करूनही भागलं नाही तरच प्लास्टिकचं जुनं कार्ड जबड्याच्या मागच्या कोपऱ्यातून अलगद सरकवा. चमचा, सुरी, स्क्रू ड्रायव्हर यातलं काहीही तोंडात घालायचं नाही. सरड्याचा जबडा नाजूक असतो आणि मोडला तर त्याचं खाणंच बंद होतं.

सुटल्यावर

आधी त्याला त्याच्या पेटीत ठेवा, दार लावा. मग जखमेकडे वळा.

साबण लावून वाहत्या पाण्याखाली निदान पाच मिनिटं धुवा. घड्याळ लावा, नाहीतर दीड मिनिटातच पाच झाली असं वाटतं. बोटाला चावलं असेल तर अंगठी लगेच काढा, कारण सूज चढल्यावर ती निघत नाही. रक्त थांबत नसेल तर स्वच्छ कापडाने सलग दहा मिनिटं दाबून धरा, मधेच उचलून पाहू नका. धुतल्यावर उजेडात नीट बघा. तुटलेला दात कधी कधी जखमेतच राहतो, तांदळाच्या कणीसारखा दिसतो. वरच दिसत असेल तर धुताना निघून जातो, खोल असेल तर डॉक्टरांकडेच काढायचा. मग पोविडोन आयोडीन आणि वर जाळीची पट्टी. हळद, चुना, कॉफी, तंबाखू यांपैकी काही भरू नका. त्याने जखम मळते आणि डॉक्टरांना आतलं काही दिसत नाही.

डॉक्टरांकडे त्याच दिवशी कधी जायचं? चावा खोल असेल, सांध्यावर किंवा चेहऱ्यावर असेल, बोट वाकत नसेल किंवा बधिर झालं असेल तर. ज्याला चावलं त्याला मधुमेह असेल, प्रतिकारशक्ती कमी करणारी औषधं चालू असतील, किंवा ते लहान मूल असेल तरीही. जखम किरकोळ वाटली म्हणून घरीच राहिलात, आणि एक-दोन दिवसांनी लाली पसरत गेली, ठणका वाढला, पू दिसला किंवा ताप आला, तर लगेच निघा. माझ्या बोटाला डॉक्टरांनी टाके घातले नाहीत, तेव्हा मला नवल वाटलं होतं. चाव्याची जखम घाईने शिवली तर जंतू आत कोंडले जाऊ शकतात, म्हणून ती बऱ्याचदा उघडी ठेवूनच भरू देतात.

धनुर्वाताची लस शेवटची कधी घेतली ते आठवा. लस घेऊन पाच वर्षं उलटून गेली असतील तर अशा जखमेला डॉक्टर बहुधा पुन्हा देतात. रेबीजचं मात्र वेगळं आहे. रेबीज सस्तन प्राण्यांचा आजार आहे, सरपटणाऱ्या प्राण्यांकडून तो होत नाही. मला एका दवाखान्यात ‘प्राणी चावलाय’ एवढं ऐकूनच रेबीजचं इंजेक्शन लिहून दिलं होतं. तेव्हा कुठला प्राणी, किती मोठा, केव्हा चावला, हे आपणच स्पष्ट सांगायचं.

नक्की सरडाच चावला का?

हा भाग पेटीतल्या सरड्यापुरता नाही, पण सांगितल्याशिवाय राहवत नाही. महाराष्ट्रात सापडणारी पाल, बागेतला सरडा, चकचकीत अंगाची सापसुरळी, यांतलं काहीही विषारी नाही. सापसुरळीला पाहून लोक काठी शोधतात, ती बिचारी किडे खाऊन जगते. घोरपडीचा चावा आणि नखं जोरदार लागतात, पण तिच्या चाव्याने माणूस मरतो ही समजूत खोटी आहे.

खरा धोका उलट बाजूने येतो. रात्री झोपेत काहीतरी टोचल्यासारखं झालं, सकाळी भिंतीवर पाल दिसली, म्हणून पालच चावली असं धरून चालू नका. मण्यार रात्री हिंडते, जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावते, चावा फारसा दुखत नाही आणि खूणही धड दिसत नाही. काही तासांनी पोटात दुखतं, पापण्या जड होतात, गिळता येत नाही. असं काही वाटलं, किंवा काय चावलं ते पाहिलंच नसेल, तर 108 ला फोन करा आणि सरकारी रुग्णालय गाठा. चिरा देऊ नका, चोखू नका, आवळून बांधू नका. हातपाय हलू न देता न्या.

ॲरिझोनात राहणाऱ्या मराठी कुटुंबांसाठी एक वेगळी सूचना. तिथल्या वाळवंटात हिला मॉन्स्टर हा काळ्या-नारिंगी मण्यांसारख्या कातडीचा जाडजूड सरडा असतो. तो खरोखर विषारी आहे आणि एकदा धरलं की सहज सोडत नाही. तो चावला तर घरगुती उपचारात वेळ घालवायचा नाही. तिथे 911 किंवा विषबाधा केंद्राचा 1-800-222-1222.

न चावताही होणारा आजार

माझ्या मते चाव्यापेक्षा याची काळजी जास्त घ्यायला हवी. निरोगी दिसणाऱ्या सरड्याच्या, कासवाच्या, सापाच्या आतड्यांत साल्मोनेला जंतू असू शकतात. प्राण्याला त्याचा त्रास नसतो, पण विष्ठेतून ते त्याच्या अंगावर, पाण्याच्या भांड्यावर, पेटीच्या काचेवर येतात. आपल्या पोटात गेले की काही तासांपासून सहा दिवसांपर्यंत कधीही जुलाब, ताप, पोटात मुरडा सुरू होतो. लहान मुलं कासवं तोंडाला लावत म्हणून अमेरिकेने 1975 मध्ये चार इंचांहून छोट्या कासवांची विक्रीच बंद केली.

तेव्हा सरड्याला हात लावला की साबणाने हात धुवायचे, प्रत्येक वेळी. त्याची भांडी स्वयंपाकघरातल्या सिंकमध्ये घासायची नाहीत. त्याच्यासाठी वेगळी बादली, वेगळा ब्रश. त्याला ओट्यावर, जेवणाच्या टेबलावर सोडायचं नाही, तोंडाजवळ घ्यायचं नाही. घरात पाच वर्षांखालचं मूल, गरोदर बाई किंवा आजारी वृद्ध माणूस असेल तर सरडा आणूच नका, असं मी ओळखीतल्यांना तोंडावर सांगते. काहींना राग येतो, येऊ दे.

चावण्याआधी तो काय सांगतो

इग्वाना न सांगता क्वचितच चावतो. आधी गळ्याखालची पाळ ताणतो, अंग बाजूने चपटं करून मोठा दिसायला बघतो, मान झपझप वरखाली करतो, शेपटी वळवळते. तोंड उघडून बसला तर तो शेवटचा इशारा. तसंच शेपटीकडेही लक्ष ठेवा, तिचा फटका चाबकासारखा बसतो. बियर्डेड ड्रॅगन या पाळीव सरड्याची दाढी फुगून काळी पडते. लेपर्ड गेको ही पाळीव पाल शेपूट संथपणे डोलवते. नर इग्वाना विणीच्या काळात महिना-दोन महिने चिडका राहतो. त्या दिवसांत आम्ही त्याला उचलतच नाही, दुरूनच खायला घालतो.

उचलायचं कसं, यालाही कारण आहे. इग्वानाच्या डोक्यावर मधोमध एक फिकट ठिपका असतो. तो त्याचा तिसरा डोळा. त्याला चित्र दिसत नाही, पण उजेड-सावली कळते. वरून हात आला की त्याच्या लेखी घार आली. म्हणून बाजूने, त्याला दिसेल असा, खालून हात न्यायचा. एक हात छातीखाली, दुसरा मागच्या पायांखाली. शेपटी धरून कधीच उचलायचं नाही, तुटते. पूर्ण बाह्यांचा जाड शर्ट घाला, नखांचे ओरखडे वाचतात. फळ चिरल्यावर हात धुतल्याशिवाय पेटीत घालू नका, बोटाला आंब्याचा वास आला तर त्याला ते बोट म्हणजे आंबाच. माझ्या त्या सकाळनंतर आमच्याकडे खाणं फक्त बशीतून किंवा लांब चिमट्याने.

पाळण्याआधी कायदा बघा. घोरपड पकडणं, पाळणं वन्यजीव संरक्षण अधिनियम, 1972 खाली गुन्हा आहे. इग्वाना परदेशी आहे, पण त्याचा व्यापार साइट्स या वन्यजीव व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय करारात येत असल्यामुळे त्याची केंद्र सरकारच्या परिवेश पोर्टलवर नोंदणी करावी लागते. घरात, विहिरीत घोरपड शिरली तर स्वतः पकडायला जाऊ नका, वनविभागाच्या 1926 वर कळवा.

चाव्यानंतर प्राण्याकडेही बघायचं असतं. त्या दिवशी त्याला एकटं सोडा. दुसऱ्या दिवशी तोंडाच्या कडेला रक्त, सूज, लाळ दिसते का ते बघा. दोन दिवस खाल्लं नाही तर सरपटणाऱ्या प्राण्यांची माहिती असलेल्या पशुवैद्यांना दाखवा. इग्वानाचे तुटलेले दात पुन्हा येतात. बियर्डेड ड्रॅगनचे बाजूचे दात येत नाहीत, त्याचा दात गेला तो गेलाच.