कॉलेज फुटबॉल: कॉन्फरन्स फायनलचा हिशेब मांडताना या चुका टाळा

मुलगी टेक्सस ए अँड एमला शिकते. तिथली अमेरिकन फुटबॉलची टीम बारापैकी अकरा सामने जिंकली, फक्त शेवटचा हरली. आणि ॲटलांटात होणाऱ्या, त्यांच्या एसईसी गटाच्या फायनलला गेली कोण? दोन सामने हरलेली अलाबामा. २०२५ च्या थँक्सगिव्हिंगच्या शनिवार-रविवारी टेक्ससमधल्या मराठी पालकांनी एकमेकांना हाच प्रश्न विचारला असेल, की हे काय गौडबंगाल आहे? गौडबंगाल काही नव्हतं. नियम आधीच छापलेला होता आणि तो जसाच्या तसा लावला गेला. आपण मात्र तक्ता बघताना भलताच रकाना वाचतो आणि बरोबरी झाली की मनानेच नियम बनवतो. बहुतेक घोळ तिथूनच होतो.

ज्यांनी नुकतंच बघायला सुरुवात केली आहे त्यांच्यासाठी एवढंच: अमेरिकेतल्या मोठ्या कॉलेज टीम कॉन्फरन्स नावाच्या गटांत विभागलेल्या आहेत. एसईसी, बिग टेन, एसीसी, बिग ट्वेल्व्ह ही त्यातली बडी मंडळी. हंगामात टीमला साधारण बारा सामने मिळतात. त्यातले आठ-नऊ आपल्या कॉन्फरन्समध्ये, बाकीचे बाहेरच्यांशी. डिसेंबरच्या पहिल्या शनिवारच्या आसपास प्रत्येक कॉन्फरन्सच्या दोन टीम विजेतेपदासाठी भिडतात. त्या दोन कोण, एवढाच प्रश्न आहे.

चूक पहिली: एकूण रेकॉर्ड बघणं

टीव्हीवर टीमच्या नावापुढे जे ११-१ (अकरा विजय, एक पराभव) किंवा १०-२ दिसतं ते एकूण रेकॉर्ड. फायनलसाठी त्याचा उपयोग शून्य. बघायचा तो कॉन्फरन्समधला रेकॉर्ड, आणि तोही टक्केवारीने. २०२५ मध्ये अलाबामाचा एक पराभव फ्लोरिडा स्टेटकडून झाला होता, आणि फ्लोरिडा स्टेट आहे एसीसीत. एसईसीच्या खात्यात तो धरलाच जात नाही. एसईसीपुरतं बघितलं तर अलाबामा, जॉर्जिया, ओल मिस आणि टेक्सस ए अँड एम चौघीही ७-१ होत्या.

२०२४ चं क्लेमसनचं उदाहरण तर आणखी मजेशीर. हंगामाच्या शेवटच्या शनिवारी क्लेमसन घरच्या मैदानावर साउथ कॅरोलायनाकडून १७-१४ असा हरला. पण तो सामना कॉन्फरन्सबाहेरचा होता. त्याच दिवशी सिराक्यूजने एसीसीच्या शर्यतीतल्या मायामीला ४२-३८ असं हरवलं, आणि हरलेला क्लेमसन एसीसीच्या फायनलला गेला. तिथे एसएमयूला ३४-३१ ने हरवून त्याने विजेतेपदही घेतलं, शेवटच्या क्षणी ५६ यार्डांवरून मारलेल्या फील्ड गोलवर (लाथेने चेंडू खांबांमधून मारून मिळणारे गुण).

२०२५ मध्ये ड्यूकने तर याची हद्दच गाठली. एकूण ७-५. बाहेरच्या सामन्यांत इलिनॉय, टुलेन, कनेक्टिकट अशा तिघांकडून मार खाल्लेला. पण एसीसीत ६-२, आणि तेवढं पुरलं.

इथेच एक चोरकप्पा आहे, ज्यात मुरलेले प्रेक्षकही फसतात. दोन टीम एकाच कॉन्फरन्समधल्या आहेत म्हणून त्यांचा सामना कॉन्फरन्सचा असेलच असं नाही! २०२४ मध्ये युटा आणि बेलर दोघंही बिग ट्वेल्व्हमध्ये होते, पण त्यांचा सप्टेंबरमधला सामना बाहेरचा म्हणून धरला गेला. नव्या टीम येण्याआधीच ठरलेला करार होता, तो तसाच खेळवला. नॉर्थ कॅरोलायना आणि वेक फॉरेस्ट या शेजाऱ्यांनी तर एसीसीच्या वेळापत्रकात आपली गाठ फार क्वचित पडते म्हणून २०१९ आणि २०२१ मध्ये आपणहून असे ‘बाहेरचे’ सामने ठेवले. २०२१ मध्ये वेक फॉरेस्ट तो ५८-५५ असा हरला. त्याच्या कॉन्फरन्स रेकॉर्डला धक्काही लागला नाही आणि तो आपला डिव्हिजन (तेव्हा कॉन्फरन्सचे पाडलेले उपगट) जिंकून फायनलला गेला.

नोत्र दामचंही असंच. ही टीम दरवर्षी एसीसीच्या पाच-सहा टीमशी खेळते, पण फुटबॉलमध्ये ती स्वतंत्र आहे, त्यामुळे ते सामने एसीसीच्या तक्त्यात येत नाहीत. अपवाद फक्त २०२० चा. कोविडच्या त्या हंगामापुरती नोत्र दाम एसीसीत आली, फायनललाही पोचली आणि क्लेमसनकडून ३४-१० ने हरली.

चूक दुसरी: अजून पूर्व-पश्चिम शोधत बसणं

जुन्या प्रेक्षकांची ही सवय जाता जात नाही. १९९२ मध्ये एसईसीने बारा टीम करून, त्यांचे दोन डिव्हिजन पाडून पहिली फायनल भरवली. बर्मिंगहॅममध्ये अलाबामाने फ्लोरिडाला २८-२१ असं हरवलं. त्यानंतर बरीच वर्षं सगळीकडे तोच साचा होता: दोन डिव्हिजन, दोघांचे विजेते, एक सामना. तोटा असा की एका बाजूला दोन तगड्या टीम असल्या की एक घरी बसायची आणि दुसऱ्या बाजूची कमजोर टीम फायनल खेळायची.

मे २०२२ मध्ये एनसीएएने, म्हणजे कॉलेज खेळांच्या राष्ट्रीय नियामक संस्थेने, डिव्हिजनची अट काढली. पॅक-ट्वेल्व्ह कॉन्फरन्सने तर त्याच दिवशी नवा नियम जाहीर केला. २०२३ मध्ये एसीसीने आणि २०२४ मध्ये एसईसी व बिग टेनने डिव्हिजन मोडीत काढले. आता सरळ वरच्या दोन टीम जातात. सन बेल्ट कॉन्फरन्सने मात्र २०२५ च्या हंगामातही पूर्व-पश्चिम ठेवलं होतं. तिथे जुनाच हिशेब: कॉन्फरन्समध्ये दुसरा नंबर असला तरी आपल्या डिव्हिजनमध्ये पहिला हवा.

चूक तिसरी: ‘आम्ही त्यांना हरवलंय ना, मग आम्हीच पुढे’

सगळ्यात जास्त भांडणं इथे होतात, म्हणून इथे जरा थांबू.

बरोबरी दोनच टीमची असेल आणि त्या एकमेकींशी खेळल्या असतील, तर हे म्हणणं बरोबर आहे. जिंकलेली पुढे, विषय संपला. पण डिव्हिजन गेल्यापासून अशी सोपी बरोबरी दुर्मीळ झाली. बिग टेनमध्ये अठरा टीम आणि प्रत्येकीला कॉन्फरन्सचे सामने नऊ. म्हणजे निम्म्या टीमशी गाठच पडत नाही. मग वरच्या जागांवर तीन-चार टीम सारख्याच रेकॉर्डवर येऊन बसतात आणि त्यातल्या बऱ्याच जणी एकमेकींना भेटलेल्याच नसतात.

तीन किंवा अधिक टीमच्या बरोबरीत आपसातला निकाल लावायचा तर साधारणपणे दोनपैकी एक अट पुरी व्हावी लागते. एक तर त्या सगळ्या एकमेकींशी खेळलेल्या हव्यात. नाहीतर एका टीमने बाकी सगळ्यांना हरवलेलं हवं (काही नियमांत, एक टीम बाकी सगळ्यांकडून हरलेली असली तरी तिला बाहेर काढतात). अर्धवट निकाल चालत नाहीत. ‘अ’ने ‘ब’ला हरवलं आणि दोघंही ‘क’शी खेळलेच नाहीत, तर तो निकाल या पायरीवर बाजूला ठेवायचा आणि पुढच्या पायरीवर जायचं. आपण नेमका हाच एक निकाल उचलतो आणि ‘ब’ला कापून टाकतो.

२०२५ च्या एसईसीवर हे लावून बघा. चार टीममध्ये सहा सामने होऊ शकले असते, झाले फक्त दोन. अलाबामाने जॉर्जियाला २४-२१ आणि जॉर्जियाने ओल मिसला ४३-३५ असं हरवलं होतं. टेक्सस ए अँड एमची तर बाकी तिघींपैकी कुणाशीच गाठ पडली नव्हती. म्हणजे पहिली पायरी निकामी. दुसरी पायरी समान प्रतिस्पर्ध्यांविरुद्धचा रेकॉर्ड, पण चौघींशीही खेळलेली एकही टीम नव्हती. तिसरी पायरीही त्याच समान प्रतिस्पर्ध्यांवर उभी, तीही गेली. उरली चौथी: आपण ज्यांच्याशी खेळलो त्या सगळ्यांची कॉन्फरन्समधली एकत्रित विजयाची टक्केवारी. त्यावर अलाबामा आणि जॉर्जिया निघाल्या. टेक्सस ए अँड एम आणि ओल मिस एकूण ११-१ असूनही घरी.

माउंटन वेस्ट कॉन्फरन्सचं २०२३ चं उदाहरण त्याहून बोचरं आहे. बॉयसी स्टेट, यूएनएलव्ही आणि सॅन होजे स्टेट ६-२ वर बरोबरीत. बॉयसीने सॅन होजेला हरवलेलं, सॅन होजेने शेवटच्या आठवड्यात यूएनएलव्हीला हरवलेलं, बॉयसी आणि यूएनएलव्ही भेटलेलेच नाहीत. त्या कॉन्फरन्सच्या नियमाप्रमाणे संगणकी क्रमवाऱ्यांची सरासरी काढली गेली. बाहेर कोण पडलं? सॅन होजे. ज्यांना त्यांनी सातच दिवसांपूर्वी हरवलं होतं त्या यूएनएलव्हीला फायनल तर मिळालीच, वर यजमानपदही.

आणखी एक बारकावा. बरोबरीतून एका टीमचा निर्णय लागला की उरलेल्यांसाठी आहे त्या पायरीवरून पुढे जायचं नसतं. बहुतेक नियमावल्यांत पुन्हा पहिल्या पायरीपासून सुरुवात होते. तीनची बरोबरी दोनवर आली की आधी बाद ठरलेला आपसातला निकाल आता जिवंत होऊ शकतो. कागदावर हिशेब मांडणारे शंभरात नव्वद जण इथे चुकतात असं मला वाटतं.

प्रतिस्पर्ध्यांच्या टक्केवारीची पायरी आता वारंवार लागते, म्हणून ती मोजायला शिकून ठेवा. २०२४ मध्ये पेन स्टेट आणि इंडियाना दोघंही बिग टेनमध्ये ८-१, दोघांचाही एकमेव पराभव ओहायो स्टेटकडून, आपसात सामना नाही. निकाल या टक्केवारीवर लागला आणि पेन स्टेट गेलं. २०२५ च्या एसीसीत पाच टीम ६-२ वर होत्या: ड्यूक, मायामी, जॉर्जिया टेक, पिट्सबर्ग, एसएमयू. तिथेही हीच पायरी, आणि वर सांगितलेला ७-५ वाला ड्यूक निघाला. मोजणी सोपी आहे: आपल्या आठ-नऊ प्रतिस्पर्ध्यांचे कॉन्फरन्समधले विजय एका बाजूला, पराभव दुसऱ्या बाजूला, बेरीज, टक्केवारी. गंमत अशी की हा आकडा तुमची टीम मैदानात नसतानाही हलतो. म्हणून शेवटच्या शनिवारी, सप्टेंबरमध्ये ज्यांना हरवलं त्यांच्यासाठीच टाळ्या वाजवायची वेळ येते. माझ्या मते ही कसोटी लॉटरीपेक्षा बरी, पण न्याय्य म्हणवत नाही. वेळापत्रक टीमच्या हातात नसतं, कॉन्फरन्स ते काही वर्षं आधीच आखून ठेवते.

चूक चौथी: नेट रनरेटची सवय

आयपीएल बघून वाढलेल्या डोक्याला वाटतं की मोठ्या फरकाने जिंकलं की कुठेतरी जमा होत असेल. इथे ६० गुणांनी जिंका की एका गुणाने, रकान्यात विजय एकच. एसईसीच्या यादीत गुणफरक आहे, पण पार पाचव्या पायरीवर, तोही कमाल मर्यादा घातलेला, म्हणजे दुबळ्या टीमला चोपून फारसं काही साधत नाही. त्याच्याही खाली उरते फक्त सोडत. सामना अनिर्णित राहण्याचाही प्रश्न नाही, १९९६ पासून या स्तरावर बरोबरीत संपणारे सामने नाहीत.

चूक पाचवी: रँकिंग वर म्हणजे जागा पक्की

दर आठवड्याच्या टॉप २५ या राष्ट्रीय क्रमवारीचा बड्या कॉन्फरन्सच्या फायनलशी थेट संबंध नसतो. या समजाला एक इतिहास मात्र आहे. २००८ मध्ये बिग ट्वेल्व्हच्या दक्षिण डिव्हिजनमध्ये टेक्ससने ओक्लाहोमाला ४५-३५ असं हरवलं, टेक्सस टेकने टेक्ससला ३९-३३ असं आणि ओक्लाहोमाने टेक्सस टेकला ६५-२१ असं. तिघं ७-१. तेव्हाच्या नियमात अशा वेळी बीसीएसची (राष्ट्रीय फायनलच्या टीम ठरवणारी तेव्हाची पद्धत) क्रमवारी बघायची होती, आणि ओक्लाहोमा गेलं. टेक्ससच्या गावी, ऑस्टिनमध्ये, अजून तो ४५-३५ चा आकडा काढला तर चहा गार होतो.

उलट दिशेनेही गोंधळ होतो. कॉन्फरन्स जिंकली म्हणजे राष्ट्रीय प्लेऑफ नक्की, असं नाही. २०२५ च्या बारा टीमच्या प्लेऑफमध्ये सर्वोच्च क्रमांकाच्या पाच कॉन्फरन्स विजेत्यांना थेट जागा होती. ड्यूकने २०२५ ची फायनल व्हर्जिनियाविरुद्ध २७-२० अशी जिंकली, तरी त्या पाचांत बसला नाही. फायनलच न खेळलेली मायामी मात्र प्लेऑफला गेली.

चूक सहावी: अपात्र टीम यादीत ठेवणं

कारवाई झालेली किंवा खालच्या स्तरातून नुकतीच वर आलेली टीम तक्त्यात सगळ्यात वर दिसू शकते आणि तरी तिला फायनल बंद असू शकते. २०१२ मध्ये ओहायो स्टेट १२-० होतं, पण बंदीत. त्याच डिव्हिजनमधलं पेन स्टेटही बंदीत. तिसऱ्या नंबरवरचं, कॉन्फरन्समध्ये ४-४ असलेलं विस्कॉन्सिन पुढे गेलं आणि नेब्रास्काचा ७०-३१ असा धुव्वा उडवून विजेता झालं. २०२३ मध्ये जेम्स मॅडिसन सन बेल्टच्या पूर्व डिव्हिजनमध्ये वर होतं, पण स्थित्यंतराच्या नियमामुळे ॲपलेशियन स्टेट खेळलं. लक्षात ठेवा, अपात्र टीमशी झालेले सामने रद्द होत नाहीत, ते इतरांच्या खात्यात धरले जातात.

तरीही हिशेब जुळत नसेल तर

आधी स्कोअर ॲपचा क्रम विसरा. बरोबरीतल्या टीम तिथे कधी एकूण रेकॉर्डप्रमाणे, कधी नुसत्या वर्णानुक्रमाने लावलेल्या असतात, टायब्रेकर (बरोबरी सोडवायचा नियम) लावलेला असतोच असं नाही. मग कॉन्फरन्सच्या संकेतस्थळावरचं टायब्रेकर धोरण उघडा आणि त्यावरचं वर्ष तपासा. दोन टीमच्या बरोबरीचा भाग वेगळा असतो आणि तीन किंवा अधिकचा वेगळा, चुकीचा भाग वाचला की उत्तर हमखास चुकतं. प्रत्येक टीमचे कॉन्फरन्स सामने मोजा. एखादा जास्त आला तर बेलर-युटासारखा प्रकार असणार. मागच्या वर्षीची तयार केलेली शीट तशीच वापरू नका: एसईसी इतकी वर्षं आठ कॉन्फरन्स सामने खेळत होती, २०२६ पासून नऊ खेळणार आहे.