काचटाकीतील माशांचे परजीवी: आधी ओळख, मग औषध

इंदुरात डिसेंबर-जानेवारीत रात्रीचे तापमान १० अंशांच्या आसपास उतरते, हीटर नसलेल्या काचटाकीतील पाणी गार पडते आणि माशांची प्रतिकारशक्ती खालावून परजीवींचे फावते. मासा मलूल दिसताच हाती लागेल ते औषध टाकीत ओतू नये. एका परजीवीवर चालणारे औषध दुसऱ्यावर निरुपयोगी ठरते, आणि त्याचा त्रास मात्र माशाला होतोच.

प्रथम खोलीतील दिवे मालवून टॉर्चचा प्रकाश बाजूने पाडावा व मासा नीट न्याहाळावा. अंगावर आणि परांवर रव्याच्या कणांसारखे सुटे पांढरे ठिपके असतील, तर तो ‘इक’ हा रोग होय. ठिपक्यांऐवजी सोनेरी भुकटीचा थर चमकत असेल, तर ‘वेल्वेट’ समजावा. अंगातून दोऱ्यासारखे काही लोंबत असल्यास तो अँकर वर्म असतो, तर चपटी, गोलसर, सरकणारी चकती म्हणजे माशांची ऊ. अंगावर काहीच न दिसता मासा धापा टाकत असेल, एकच कल्ला हलवत असेल किंवा दगडांना अंग घासत असेल, तर कल्ल्यांतील फ्लूक कृमींचा संशय घ्यावा. मात्र पाण्यात अमोनिया वाढला तरी मासा धापा टाकतो, म्हणून त्याची चाचणी आधी करावी.

सर्वाधिक आढळतो तो इक, आणि त्याचे जीवनचक्र समजल्याशिवाय उपचार साधत नाही. ठिपक्याच्या आत परजीवी माशाच्या त्वचेखाली सुरक्षित असतो; पुढे तो गळून तळाशी जातो, तिथे विभागून शेकडो पिल्ले सोडतो, आणि औषध लागू पडते ते केवळ या पोहणाऱ्या पिल्लांवर. त्यामुळे ठिपके दिसेनासे झाले म्हणून उपचार थांबवला, तर रोग हमखास उलटतो.

उपचार सुरू करताना फिल्टरमधील कोळसा काढून ठेवावा, कारण तो औषध शोषून घेतो. हीटरने तापमान दर काही तासांनी एकेक अंश वाढवत ३० अंशांपर्यंत न्यावे. ऊन पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो, म्हणून एअर पंप अखंड चालू ठेवावा. आयोडीन नसलेले जाडे मीठ लिटरला २ ग्रॅम, म्हणजे १०० लिटरच्या टाकीला २०० ग्रॅम, वेगळ्या पाण्यात विरघळवून दिवसभरात थोडेथोडे घालावे. कॅटफिश, लोच आणि पाणवनस्पतींना मीठ सोसत नाही. त्यांची आधी दुसरीकडे सोय करावी. तळ रोज नळीने उपसावा आणि उपचार दोन आठवडे सलग चालवावा. बदलायचे नर्मदेचे नळाचे पाणी क्लोरीनयुक्त असते, तेव्हा त्यात अँटी-क्लोरीन घालून व तापमान जुळवूनच ते टाकीत सोडावे. जितके पाणी काढले, तेवढ्याच पाण्यापुरते मीठ पुन्हा घालावे.

वेल्वेटचा परजीवी काही अंशी प्रकाशावर जगतो. तिथे औषधासोबत टाकी झाकून अंधार करावा. फ्लूकवर प्राझिक्वांटेल उपयोगी पडते, पण काही जातींची अंडी त्यातून वाचतात, म्हणून काही दिवसांनी दुसरी मात्रा द्यावी. अँकर वर्म ओल्या कापडात मासा धरून चिमट्याने मुळापाशी पकडून ओढावा व जखमेवर पोव्हिडोन आयोडीन लावावे. पाण्यातील त्याच्या अदृश्य पिल्लांसाठी डायफ्लुबेन्झुरॉनयुक्त औषध लागते.

नवा मासा मोठ्या टाकीत सोडण्यापूर्वी तीन-चार आठवडे वेगळा ठेवावा, आणि त्याच्या टाकीचे जाळे मोठ्या टाकीत बुडवू नये.