शॉर्ट फिल्मला पार्श्वसंगीत कसं द्यावं

धून आणि वाद्यांचा विचार पटकथा वाचतानाच सुरू करा, पण सेकंदांना बांधलेलं संगीत एडिट लॉक झाल्यावरच, म्हणजे कापाकापी कायमची संपल्यावरच करा. मधला दीड सेकंद कापला गेला तरी त्यापुढची प्रत्येक जागा सरकते. एडिटरकडून टाइमकोड (तास, मिनिट, सेकंद आणि फ्रेमचा आकडा) दिसणारी फाइल घ्या आणि फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, विचारून लिहून ठेवा. 24 फ्रेमचं चित्र 25 च्या गतीने चाललं, तर 10 मिनिटांत 24 सेकंदांचा फरक पडतो.

मग दिग्दर्शकासोबत फिल्म दोनदा बघा: एकदा सलग, एकदा थांबत थांबत. एडिटरने तात्पुरतं संगीत लावलं असेल तर ते बंद ठेवा. कान त्याला सरावले की तुमच्याकडे त्याचीच नक्कल मागितली जाते. प्रत्येक तुकड्याचा नंबर, सुरुवात, शेवट आणि त्याचं काम एका ओळीत लिहा. ‘इमोशनल’ हा शब्द निरुपयोगी आहे. ‘आईला कळलंय, मुलाला अजून नाही’ यावर चाल बांधता येते. संगीत कुठे नको, हेही याच बैठकीत ठरवा. पंख्याची घरघर जे सांगते, ते व्हायोलिनकडून पुन्हा वदवू नये.

आता लय. समजा, तुकडा सुरू झाल्यावर 20 सेकंदांनी दार उघडतं. मिनिटाला 72 मात्रांच्या लयीत तेवढ्यात 24 मात्रा बसतात, म्हणजे सहा मात्रांच्या दादऱ्याची चार आवर्तनं, आणि पुढची सम (आवर्तनाची पहिली मात्रा) नेमकी दारावर येते. दार 21.5 सेकंदांवर असेल तर 24 × 60 ÷ 21.5, म्हणजे लय 67 ठेवा. चूक एका फ्रेमपेक्षाही कमी राहते. मात्र प्रत्येक हालचालीवर सम आणली तर गंभीर प्रसंगही कार्टूनसारखा वाटू लागतो. पात्राची नजर वळल्यावर अर्ध्या मात्रेने आलेला सूर बहुतेकदा जास्त खरा वाटतो.

संवादाखाली नुसता आवाज कमी करून भागत नाही. आवाजाच्या ज्या उंचीवर शब्द ऐकू येतात, तिथेच बासरी, व्हायोलिन, पेटी घुसतात. तिथे खालचे लांब सूर ठेवा आणि धून दोन वाक्यांमधल्या जागेत सोडा.

पैसे थोडे असतील तर एक तरी खरा वादक बोलवा, बाकी सॅम्पल (वाद्यांचे आधीच रेकॉर्ड केलेले सूर) चालतील. बासरीवाल्याला पट्टी, म्हणजे सा कोणता, आधीच कळवा, काळी एक की पांढरी चार, कारण पट्टीगणिक बासरी बदलते. एसीच्या गारव्यात बासरीचा सूर उतरतो. रेकॉर्डिंगआधी फुंकून तापवू द्या. पेटी ऐनवेळी जुळवता येत नाही, म्हणून कीबोर्डच पेटीला जुळवून घ्या.

मिक्सिंगसाठी 48 किलोहर्ट्झ, 24 बिट वेव्ह फाइल द्या. ताल, तंतुवाद्यं, मुख्य धून असे स्टेम (प्रत्येक गटाची स्वतंत्र फाइल) वेगळे काढा, सगळे एकाच टाइमकोडपासून सुरू होणारे. शेवटी लिमिटर (आवाजाचं टोक दाबून धरणारं साधन) लावून आवाज ठासून भरू नका. संवादासाठी जागा करायला मिक्सिंगवाल्याच्या हाती काही उरत नाही.

करार मित्राची फिल्म असली तरी लेखीच करा. हक्क सोपवण्याची मुदत लिहिली नसेल तर भारतीय कायदा ती 5 वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणून परदेशी महोत्सव आणि ओटीटी यांचा उल्लेख स्पष्ट हवा.