बुरशीचं संवादयंत्र कथेत आणताय? त्याचा मोबाइल करू नका

कल्पनारम्य कथेत किंवा खेळात बुरशीतून निरोप पाठवायचे असतील तर यंत्राचा वेग आधी ठरवा, आणि तो कमीच ठेवा. अँड्र्यू अ‍ॅडमॅट्झ्की या संशोधकानं २०२२ मध्ये चार जातींच्या बुरशीतल्या विद्युत स्पंदांच्या नोंदी प्रसिद्ध केल्या. त्यात काही स्पंद तासन्‌तास चालले. त्याला भाषा म्हणणं घाईचं आहे, पण कथेला एवढं पुरे. ‘पळा’ एवढं सांगायला अख्खी रात्र लागली तर प्रसंगाला आपोआप धार येते.

टोपीवाली अळिंबी म्हणजे नुसतं फळ. तिच्या कानात बोलून काय होणार? यंत्र म्हणजे जमिनीतलं कवकजाल, बुरशीच्या बारीक धाग्यांचं जाळं. अमेरिकेतल्या ओरेगनमध्ये आर्मिलेरिया नावाच्या बुरशीचं एकच जाल सुमारे साडेनऊ चौरस किलोमीटर पसरलंय, म्हणजे एका लहान संस्थानापुरता पल्ला झाला.

सगळ्यात कामाची गोष्ट मात्र सरहद्दीची. एकाच जातीची, पण वेगळ्या वाणाची दोन जाळी भेटली की बहुधा जुळत नाहीत. सांध्यावरच्या पेशी मरतात. कुजक्या लाकडातल्या काळ्या रेघा पुष्कळदा अशाच हद्दी असतात. म्हणून दोन राज्यांचे निरोप थेट जोडू नका. रेघेवर दुभाषा बसवा, तो लाच खातो की नाही ते तुम्ही ठरवा.

आणि शत्रूला हेरगिरीपेक्षा सोपा उपाय द्या: मोरचूद, म्हणजे तांब्याचा क्षार. द्राक्षबागायतदाराला विचारा, तांब्यापुढे बुरशीचं काय होतं ते.