साठेखत झालंय, पण मालक खरेदीखत करून देत नाही? मग हे करा

साठेखत (जागा पुढे विकण्याचा लेखी करार) आणि विसाराची, म्हणजे आगाऊ दिलेल्या रकमेची, पावती घेऊन कोणी माझ्यासमोर बसलं की बहुतेकदा तासभर मालकाच्या लबाडीची हकिकत चालते. मी ऐकून घेते, पण पहिला प्रश्न विचारते तो पासबुकाचा. नाशिकच्या कोर्टात मी दिवाणी दावे चालवते. मालक वाईट होता एवढं दाखवून खरेदीखताचा हुकूम मिळत नाही. आपण बाकीची रक्कम द्यायला सुरुवातीपासून तयार होतो, हे आपल्यालाच सिद्ध करावं लागतं. विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ (स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट) मधलं कलम १६ तेच सांगतं. १ ऑक्टोबर २०१८ पासून कायदा खरेदीदाराच्या बाजूने बराच झुकला आहे. करार पाळायला लावणं आता पूर्वीसारखं निव्वळ न्यायाधीशांच्या मर्जीवर राहिलेलं नाही. ही तयारीची अट मात्र कायम आहे.

समजा, म्हसरूळचा प्लॉट ४० लाखांना ठरला, ५ लाख विसार दिला आणि उरलेले ३५ लाख सहा महिन्यांत द्यायचे आहेत. सहा महिने ३५ लाख खात्यात पडून हवेत असं नाही. कोर्टाने सांगितल्याशिवाय ते तिथे भरावेही लागत नाहीत. पण ते कुठून येणार होते याचा कागद हवा: गृहकर्जाचं मंजुरीपत्र, मुदतठेवीची पावती, जुनं घर विकल्याचा दस्त. आणि हे कागद त्या सहा महिन्यांतले हवेत. दावा लावल्यावर काढलेलं बँकेचं पत्र उलटतपासणीत टिकवताना वकिलाचा घाम निघतो. विसार चेकने किंवा आरटीजीएसनेच द्या. स्थावराच्या व्यवहारात २०,००० किंवा त्याहून जास्त रक्कम रोख घ्यायला आयकर कायद्याची मनाई आहे, आणि रोख दिलेले लाख मालकाने नाकारले की तुमच्याकडे दाखवायला काही उरत नाही.

मुदत संपत आली की फोनवर विसंबू नका. वकिलामार्फत स्पीड पोस्टाने नोटीस द्या: रक्कम तयार आहे, अमुक तारखेला अमुक वाजता दुय्यम निबंधक कार्यालयात खरेदीखताला या. त्या दिवशी स्वतः जा. डिमांड ड्राफ्टची झेरॉक्स, खरेदीखताचा मसुदा आणि सोबत एक साक्षीदार घेऊन जा. मालक आला नाही तर तुम्ही हजर होतात याचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी करून ठेवा.

आपल्याकडे सगळ्यात जास्त माणसं बुडतात ती शब्दावर. "द्राक्षाचा हंगाम होऊ द्या", "दिवाळीनंतर बघू", "धाकट्या भावाची सही राहिलीय". करारात तारीख असेल तर त्या तारखेपासून ३ वर्षांत दावा लावावा लागतो. तारीख नसेल तर मालकाने नकार दिल्याचं कळल्यापासून ३ वर्षं मोजतात. तोंडी आश्वासनाने ही मुदत वाढत नाही. मुदत वाढवायचीच असेल तर दोघांच्या सहीचं पुरवणी साठेखत करा. तीन वर्षं आहेत म्हणून अडीच वर्षं गप्पही बसू नका. भाव वाढल्यावर जागा झालेला खरेदीदार कोर्टाला खटकतो.

साठेखत नोंदवलेलं नसलं तरी असा दावा लावता येतो. अडचण मुद्रांकाची होते. कमी मुद्रांकाचा दस्त कोर्ट अडकवून ठेवतं, मग फरकाच्या रकमेवर दरमहा २ टक्के दंड बसतो, जास्तीत जास्त चौपट. साठेखतातच ताबा दिला असेल तर मुद्रांक खरेदीखताइतकाच लागतो, हे अनेकांना दावा लावल्यावर कळतं.

दिंडोरी-निफाडकडची शेतजमीन असेल तर सातबारा आधी बघा. भोगवटादार वर्ग २ (विक्रीवर सरकारी बंधन असलेली जमीन) असेल तर परवानगी लागते, आणि तुम्ही शेतकरी आहात का हा प्रश्न तर येणारच.

दाव्यात नुसतं खरेदीखत मागू नका. ताबा मागा, आणि खरेदीखत नाहीच मिळालं तर विसार व्याजासह परत, हेही मागा. न मागितलेलं कोर्ट देत नाही. दुरुस्ती करून नंतर घालता येतं, पण तोवर तारखा जातात. कोर्ट फी पूर्ण ४० लाखांच्या किमतीवर बसते, तिची सोय आधीच करा. मालकाने दरम्यान प्लॉट तिसऱ्याला विकला असेल तर त्यालाही प्रतिवादी करा. आणि दावा दाखल होताच लिस पेंडन्सची, म्हणजे या जागेवर दावा चालू असल्याची, नोटीस दुय्यम निबंधकांकडे नोंदवून घ्या. हे काम लोक पुढच्या तारखेवर ढकलतात, आणि तेवढ्यात प्लॉटवर नवा मालक उभा राहतो. तात्पुरत्या मनाईचा अर्जही दाव्यासोबतच द्या.

हुकूमनामा तुमच्या बाजूने झाला की त्यात बाकी रक्कम भरायची मुदत लिहिलेली असते. ती डायरीत लाल शाईने लिहा. ती चुकली तर मालक करार रद्द करून मागू शकतो. मुदतीत पैसे भरूनही तो सही करत नसेल तर दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, द्या. कोर्टाने नेमलेला अधिकारी त्याच्या वतीने खरेदीखतावर सही करतो आणि दस्त नोंदवून देतो. मग इंडेक्स टू (दस्त नोंदणीचा उतारा) घेऊन फेरफाराचा अर्ज द्या.