कू चीच्या भुयाराचा सेट: आधी चूल काढा

व्हिएतनामी युद्धपटासाठी कू चीच्या भुयारांचा (सायगॉनजवळ, अमेरिकेशी लढणारे गनिमी सैनिक यांतच लपून राहत) सेट लावायचा असेल, तर बंदुकांची यादी बाजूला ठेवा आणि आधी कागदावर चूल काढा. आर्ट डिपार्टमेंटमध्ये नव्याने येणाऱ्यांना मी हेच सांगते. अमेरिकन सिनेमात हे युद्ध बऱ्याचदा हेलिकॉप्टरमधून खाली पाहिलेलं असतं. व्हिएतनामी सिनेमातली माणसं त्याच हेलिकॉप्टरपासून लपत रांधतात, पोरं वाढवतात. गुयेन हाँग सेन यांच्या 1979च्या 'द अबँडन्ड फील्ड'मध्ये हेलिकॉप्टर आलं की आईबाप तान्ह्या बाळाला प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून पाण्याखाली धरतात. त्या एका पिशवीपुढे मोठमोठे स्फोट फिके पडतात.

धूर दिसला की बॉम्ब पडणार, म्हणून चूल महत्त्वाची. होआंग काम या लष्करी आचाऱ्याने फ्रेंचांविरुद्धच्या युद्धात बिनधुराची चूल शोधली, तीच पुढे कू चीतही वापरली गेली. चूल खड्ड्यात, तिच्या मागून लांब चर खणलेले, वर फांद्या आणि ओलसर माती. चरातून जाता जाता धूर निवतो, पांगतो आणि दूर कुठेतरी पाचोळ्यातून धुक्यासारखा विरळ बाहेर पडतो. म्हणून स्मोक मशीन चुलीच्या तोंडाशी ठेवू नका. ते लांब, झुडपांत लपवा, अगदी मंद सोडा आणि सीन पहाटेचा ठेवता येतो का ते दिग्दर्शकाला विचारा. चुलीजवळ फक्त काजळी हवी. भांड्यात उकडलेला कसावा ठेवा (आपला साबुदाणा याच कंदाचा), सोबत मीठ, तीळ आणि शेंगदाण्याचा कूट.

आता भिंती. तिथली माती जांभ्याच्या जातीची, वाळली की टणक होते, त्यामुळे खाणीसारखे लाकडी टेकू सगळीकडे लावू नका. ही भुयारं आखूड कुदळीने आणि टोपल्यांनी खणली गेली. प्लास्टर ओलं असतानाच कुदळीचे घाव मारून घ्या. नंतर कोरलेले घाव कॅमेऱ्यात खोटे दिसतात. दिवा ठेवायच्या कोनाड्यावर काजळीचा पट्टा ओढा. रेकीला, म्हणजे खरी जागा पाहायला, गेलात तर पर्यटकांसाठी रुंद केलेल्या बोगद्याची मापं घेऊ नका. कॅमेऱ्याला जागा हवी असेल तर एका बाजूची भिंत सुटी करा, पण छत उंच करू नका. नटाला ओणवं व्हावं लागलं, की त्याचा श्वास आपोआप बदलतो. सेटवर दर काही फुटांवर बाहेर पडायची फळी ठेवाच, त्यात तडजोड नाही.

प्रॉप्समध्ये चप्पल जपून करा. तळवा ट्रकच्या टायरचा, पट्टे ट्यूबचे. तळव्याला चिरा पाडून पट्टे त्यातून ओढून घेतलेले असतात. खिळा नाही, गोंद नाही. क्लोजअपमध्ये गोंदाची चमक दिसली तर शॉट वाया. चिखल चिरांमध्ये भरा, पट्ट्यावर नुसता फासू नका.

झेंडा शूटच्या आदल्या दिवशी पुन्हा तपासा. दक्षिण व्हिएतनाममधल्या मुक्ती आघाडीचा, म्हणजे कू चीतल्या गनिमांच्या संघटनेचा, वर लाल, खाली निळा, मधे पिवळा तारा. उत्तर व्हिएतनामचा पूर्ण लाल, त्यावर पिवळा तारा. आघाडीची स्थापना डिसेंबर 1960ची, त्यामुळे कथा त्याआधीची असेल तर निळा पट्टा सेटवर कुठेच येता कामा नये.