हरवलेलं मांजर किंवा कुत्रा शोधताना या चुका टाळा

दार उघडं राहिलं आणि मांजर किंवा कुत्रा दिसेनासा झाला की काळजाचं पाणी होतं. त्या घाबरगुंडीत आपण नेमकं उलटं वागतो. आपण धावतो आणि सगळ्या आळीला धावायला लावतो. खरं तर शेजाऱ्यांच्या पायांपेक्षा त्यांचे डोळे जास्त कामाला येतात.

मांजर हरवलं की लोक लांबलांब गाड्या फिरवतात. पण घरात वाढलेलं मांजर बाहेर पडल्यावर बहुधा जवळच्याच अडचणीच्या जागेत दबून बसतं आणि ओळखीची हाक ऐकूनही ओ देत नाही. 2018 मध्ये प्रसिद्ध झालेल्या, 1,200 हून अधिक हरवलेल्या मांजरांच्या एका अभ्यासात सापडलेल्यांपैकी सुमारे 75 टक्के मांजरं 500 मीटरच्या आत मिळाली होती. म्हणून शेजाऱ्यांना “आमचं मांजर दिसलं का?” एवढंच विचारून परत फिरू नका. लपलेलं मांजर दिसणार कुणाला? “तुमच्या जिन्याखाली, गच्चीवर, टाकीमागे मी स्वतः पाहू का?” असं विचारा. रात्री सगळं निजल्यावर टॉर्च घेऊन पुन्हा जा. टॉर्च स्वतःच्या डोळ्यांच्या रेषेत धरलीत, तर अंधारात मांजराचे डोळे चमकतात.

कुत्र्याची गोष्ट वेगळी. बिथरलेला कुत्रा कधीकधी स्वतःच्या माणसालाही ओळखत नाही. चार अनोळखी लोक त्याचं नाव घेत मागे लागले, तर तो थेट रहदारीत शिरतो. मदतीच्या भावनेतून होणारी ही सगळ्यात जीवघेणी चूक आहे. म्हणून ग्रुपवरच्या निरोपात आणि पत्रकातच ठळक लिहा: “पकडू नका, मागे धावू नका. फोटो काढा, आणि कुठल्या दिशेने गेला ते लगेच फोन करून सांगा.” तो तुम्हालाच दिसला तर खाली बसा, अंग थोडं वळवा, नजर रोखू नका, खाऊ टाका आणि त्याला येऊ द्या.

निरोपात तारीख, वेळ आणि जागा नसणं ही तर नेहमीची चूक. मग तोच फोटो महिनाभर फिरत राहतो आणि तो जुना की ताजा, हे कुणालाच कळत नाही. एक स्पष्ट फोटो, लांबून वाचता येईल एवढा फोन नंबर, बस. फोनमध्ये गुंतून प्रत्यक्ष माणसांना विसरू नका. पहाटे पेपर टाकणारे, सफाई कामगार, रात्रपाळीचे वॉचमन यांना जे दिसतं ते ग्रुपवरच्या कुणालाच दिसत नाही.

एखादी खूण मात्र जाहीर करू नका, पोटावरचा डाग किंवा कानातली खाच. “सापडलंय, आधी पैसे पाठवा” असा फोन आला तर तीच खूण विचारा. ओटीपी मागितला तर फोन ठेवून द्या.

मायक्रोचिप, म्हणजे कातडीखालची ओळखीची बारीक चिप, बसवली आहे म्हणून निर्धास्त राहू नका. ती ठावठिकाणा सांगत नाही. स्कॅनरखाली धरल्यावर तिच्यातून फक्त एक क्रमांक मिळतो. त्या क्रमांकापुढे तुमचा जुना फोन नंबर नोंदलेला असेल तर तो आजच बदलून घ्या.

दोन दिवसांत शोध थांबवू नका, आठवडे उलटल्यावरही जनावरं मिळतात. आणि मिळालं की त्याच दिवशी पत्रकं उतरवा, ग्रुपवर कळवा. नाहीतर तसंच दिसणारं दुसऱ्या कुणाचं तरी जनावर लोक उचलून तुमच्या दारात आणतील.